बॉयलरचं प्रेशर सारखं उतरतंय? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

थंडी पडली की हेच प्रश्न फिरून फिरून येतात, म्हणून एकदाचं सगळं एका जागी लिहून ठेवतेय. मी काही हीटिंग मेकॅनिक नाही. पण आमच्या बॉयलरने मला सलग दोन हिवाळे पार पिळून काढलंय, आणि येणाऱ्या प्रत्येक मेकॅनिकच्या मागे उभं राहून मी इतके प्रश्न विचारलेत की बिचारे कंटाळले असतील. खालचं सगळं घर गरम ठेवणाऱ्या, बंद सर्किटच्या गॅस बॉयलरबद्दल आहे. नळाला गरम पाणी देणारा साधा गीझर हा वेगळा विषय.

१. बॉयलरचं प्रेशर म्हणजे नक्की कशाचं? गॅसचं की नळाच्या पाण्याचं?

दोन्हीचं नाही. बॉयलरमधून निघून पाइपांतून रेडिएटरमध्ये (खोली गरम करणाऱ्या धातूच्या पॅनेलमध्ये) जाणारं आणि तिथून परत बॉयलरमध्ये येणारं जे पाणी आहे ना, त्याचं. हे पाणी गोल गोल फिरतं, वर्षानुवर्षं तेच असतं, ते कुणी पीत नाही की त्याने आंघोळ करत नाही. त्यामुळे "पाहुणे आले होते, गरम पाणी जास्त लागलं, म्हणून प्रेशर उतरलं का" याचं उत्तर नाही असं आहे. हे सर्किट पाणी खात नाही. काटा खाली आला तर एक तर पाणी बाहेर गेलं, किंवा आत अडकलेली हवा बाहेर गेली, किंवा आतली हवेची उशी बसली (प्रश्न ९), किंवा काटाच खोटं बोलतोय (प्रश्न १५). पाचवं कारण मला तरी अजून भेटलेलं नाही.

२. काटा किती वर असायला हवा?

थंड असताना १ ते १.५ बार (बार हे प्रेशरचं माप). हीटिंग चालू झालं की पाणी फुगतं आणि काटा थोडा चढतो, १.८ किंवा २ पर्यंत गेला तरी घाबरायचं कारण नाही. ३ बारला सेफ्टी व्हॉल्व्ह उघडतो आणि पाणी बाहेर टाकतो, म्हणून बहुतेक डायलवर तिथे लाल पट्टा असतो. खाली ०.५ च्या आसपास आलं की बरेच बॉयलर एरर दाखवून बंदच पडतात.

वाचायचं ते थंड असताना. म्हणजे सकाळी, हीटिंग सुरू व्हायच्या आधी. रात्री गरम असताना १.८ आणि सकाळी थंड असताना १.३ बघून "अर्धा बार उडाला" म्हणून लोक मेसेज करतात, पण काही उडालेलं नसतं, पाणी आकसलंय फक्त.

अजून एक, उंचीचं. १० मीटर उंच पाण्याचा स्तंभ म्हणजे साधारण १ बार. बॉयलर तळमजल्यावर आणि शेवटचा रेडिएटर ६ मीटर वर असेल तर पाणी तिथवर चढवायलाच ०.६ बार खर्ची पडतात. मग खाली काटा ०.७ दाखवत असेल तर वर जवळपास काहीच उरत नाही, आणि वरचे रेडिएटर कोमट आणि खळखळणारे. उंच घरात म्हणून दीडच्या बाजूला ठेवायचं.

३. माझ्या बॉयलरला काटाच दिसत नाही

नव्या मॉडेलमध्ये आकडा स्क्रीनवर येतो, कधी कधी मेन्यूत दोन बटणं आत दडलेला असतो. काहींचा डायल खालच्या बाजूला असतो, वाकून बघावं लागतं. आणि पोटमाळ्यावर तुमच्या हीटिंगची छोटी पाण्याची टाकी असेल तर तुमची सिस्टीम उघडी आहे, तिला असं प्रेशर भरायचंच नसतं, हे पान तुमच्यासाठी नाही. फक्त एवढं लक्षात ठेवा की उघड्या सिस्टीममध्ये लीक झाला तरी टाकीचा फ्लोट गुपचूप पाणी भरत राहतो, त्यामुळे तो कळतच नाही. टाकीत सारखा बारीक झुळझुळ आवाज येत असेल तर तिकडे बघा.

४. पाणी भरायचं कसं? मला भीती वाटते

भीती बरोबर आहे, पण काम सोपं आहे. बॉयलर बंद करा आणि गार होऊ द्या. बॉयलरच्या खाली किंवा जवळपास एक जाळीदार स्टीलची बारीक नळी दिसेल, तिच्या टोकांना व्हॉल्व्ह असतात, तिला फिलिंग लूप म्हणतात. काही बॉयलरमध्ये नळीऐवजी आतच एक लिव्हर किंवा चावी असते, ते मॅन्युअलमध्ये बघा. नळी सुटी असेल तर दोन्ही टोकं नीट बसवा. एक व्हॉल्व्ह पूर्ण उघडा, दुसरा अगदी हळू, केसभर. सुं असा आवाज येतो, काटा हलायला लागतो. १.२–१.३ ला आला की दोन्ही बंद. मग नळी काढून ठेवा, टोपणं लावा, नळी काढताना खाली एक फडकं धरा कारण तिच्यातलं पाणी सांडतंच.

डोळे काट्यावरून हलवायचे नाहीत. मी पहिल्यांदा भरत होते तेव्हा बेल वाजली, म्हटलं दोन मिनिटांत येते, दार उघडलं, तर बाहेर भिंतीतल्या पाइपातून पाण्याची धार. काटा तिनाच्या पलीकडे. बंद केलं, पुसलं, विसरले. पण तेव्हा उघडलेला सेफ्टी व्हॉल्व्ह परत कधी नीट बसलाच नाही, पुढचे दोन महिने थेंब थेंब गळत राहिला आणि मी लीक घरभर शोधत बसले (प्रश्न १०).

सिस्टीम पूर्ण रिकामी होऊन बॉयलर तापलेला असेल तर लगेच थंड पाणी सोडू नका, गरम धातूवर एकदम गार पाणी गेलं तर तो तडकू शकतो.

५. वर्षातून किती वेळा भरणं नॉर्मल?

एकदा, फार तर दोनदा. दर महिन्याला लागत असेल तर काहीतरी आहे, निवांत शोधा. दर आठवड्याला म्हणजे नक्की आहे. रोज भरावं लागत असेल तर भरणं थांबवा आणि माणूस बोलवा, कारण एवढं पाणी कुठेतरी मुरतंय, आणि ते फरशीखाली किंवा भिंतीत मुरत असेल तर बॉयलरपेक्षा घराची काळजी करायला हवी.

६. पण भरलं की चालतं ना, मग भरत राहिलं तर बिघडलं काय?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो आणि मी पण वर्षभर हेच केलं, म्हणून जरा नीट सांगते. नळाच्या ताज्या पाण्यात ऑक्सिजन विरघळलेला असतो. सर्किटमधलं जुनं पाणी मेलेलं असतं, त्यातला ऑक्सिजन सुरुवातीलाच लोखंडाने खाऊन टाकलेला असतो, मग गंज जवळजवळ थांबतो. तुम्ही दर आठवड्याला ताजं पाणी घालता म्हणजे गंजाला दर आठवड्याला जेवायला घालता. त्याचा काळा गाळ होतो, मॅग्नेटाइट नावाचा, चुंबकाला चिकटतो, तो रेडिएटरच्या तळाशी बसतो आणि पंपात, हीट एक्स्चेंजरच्या (ज्वालेची उष्णता पाण्याला देणाऱ्या भागाच्या) बारीक फटींत जाऊन अडकतो. रेडिएटर वर गरम आणि खाली मध्यभागी गार लागत असेल तर तो हाच गाळ.

शिवाय पाण्यात गंजरोधक केमिकल घातलेलं असतं ते दर भरण्याला पातळ होत जातं. आणि पाणी जड असेल तर प्रत्येक वेळी थोडा चुना आत जातो आणि सगळ्यात गरम जागी, म्हणजे एक्स्चेंजरवर, थर धरतो. थोडक्यात एका नटामधून गळणाऱ्या थेंबापायी अख्खा बॉयलर म्हातारा होतो.

७. रेडिएटरची हवा काढली आणि प्रेशर पडलं. मीच काही तोडलं का?

नाही हो. हवा जागा अडवून बसली होती, ती गेली, काटा उतरला. परत भरा, झालं. नवीन सिस्टीम बसवल्यावर किंवा पाणी पूर्ण बदलल्यावर पहिले काही दिवस पाण्यातून हवा सुटत राहते आणि ऑटोमॅटिक एअर व्हेंटमधून निघून जाते, तेव्हाही दोन-तीनदा भरावं लागतं.

पण त्याच रेडिएटरमध्ये दर दोन-तीन आठवड्यांनी "हवा" जमत असेल तर ती बहुधा हवा नसते. आत गंज चालू असताना हायड्रोजन तयार होतो, तो वर जमतो. हायड्रोजन पेटतो, त्यामुळे ब्लीड करताना, म्हणजे रेडिएटरची हवा काढताना, जवळ काडी, लायटर, मेणबत्ती काहीही नको. अशा वेळी पाणी तपासून घ्या, काळं असेल तर प्रश्न ६.

८. घरभर बघितलं, कुठेच ओल नाही. मग पाणी जातंय कुठे?

आधी थोडा हिशोब, कारण लोक डबकं शोधतात आणि डबकं कधीच नसतं.

समजा बॉयलरमध्ये ८ लिटरचा एक्स्पान्शन व्हेसल (हवेची उशी असलेला डबा, प्रश्न ९) आहे आणि त्यात ०.७५ बार हवा नीट भरलेली आहे. तर काटा १.५ वरून १ वर यायला साधारण १.४ लिटर पाणी जावं लागतं. आता एका मिनिटाला एक थेंब गळतोय असं धरा. वीस थेंबांचा एक मिलिलिटर, म्हणजे दिवसाला ७२ मिलिलिटर, अर्धा कपसुद्धा नाही. त्या वेगाने अर्धा बार उतरायला जवळजवळ वीस दिवस लागतात. आणि ७२ मिलिलिटर पाणी दिवसभरात तापलेल्या पाइपावर पडलं तर ते फरशीपर्यंत पोचतच नाही, वाफ होऊन जातं. म्हणजे काटा उतरतोय, फरशी कोरडी आहे, आणि दोन्ही खरं आहे.

म्हणून ओल शोधू नका, खुणा शोधा. सांध्यांवर पांढरी पावडर, तांब्याच्या पाइपावर हिरवट डाग, रेडिएटरखाली तपकिरी ओघळ, रंगाचा फुगा, लाकडी पट्टी काळपट होणं. मग कोरडा टिश्यू पेपर घ्या आणि प्रत्येक रेडिएटरच्या दोन्ही टोकांना, व्हॉल्व्हच्या दांड्याभोवती, नटाखाली, ब्लीड स्क्रूला टेकवून बघा. बोटाला गार धातू ओलाच वाटतो, टिश्यू मात्र खोटं बोलत नाही. हे एकदा गरम असताना करा आणि एकदा पहाटे थंड असताना, कारण काही सांधे तापल्यावर फुगून बंद होतात आणि फक्त थंडीत गळतात.

आमचा लीक सोफ्यामागच्या रेडिएटरला होता. सोफा तिथून कधी हलवलाच नव्हता. गरम कमी-जास्त करायच्या बाजूचा व्हॉल्व्ह ठणठणीत, दुसऱ्या टोकाला जो प्लॅस्टिकची टोपी घातलेला लॉकशील्ड व्हॉल्व्ह असतो, ज्याला कोणी कधी हात लावत नाही, त्याची टोपी काढली तर आत हिरवा चिखल. ग्लँड नट (दांड्याभोवतीचा नट) पाव फेरा आवळला, थांबलं. पाव फेरा म्हणजे पावच, जोर लावून पिळला तर नट फुटतो आणि मग खरंच डबकं दिसतं.

रेडिएटर सगळे कोरडे निघाले तर पंपाचे सांधे, बॉयलरखालचे नट, टॉवेल वाळवायच्या रेडिएटरची टोकं, आणि कपाटात लपलेले पाइप. त्यानंतर प्रश्न १२.

९. हीटिंग चालू केलं की काटा ३ ला जातो आणि सकाळी शून्य. हे काय गौडबंगाल?

हे एक्स्पान्शन व्हेसलचं काम आहे, दहातले आठ वेळा तरी. (आठ हा माझा अंदाज, मोजलेलं नाही.)

पाणी १० अंशांवरून ८० अंशांवर गेलं की जवळजवळ ३ टक्के फुगतं. सिस्टीममध्ये १०० लिटर पाणी असेल तर ३ लिटर जास्तीचं. पाणी दाबलं जात नाही, मग ते जाणार कुठे? त्यासाठी एक लोखंडी डबा असतो, बहुधा लाल किंवा करडा, बॉयलरच्या पाठीत लपलेला किंवा बाहेर लटकलेला. त्यात मध्ये रबराचा पडदा, एका बाजूला सर्किटचं पाणी, दुसऱ्या बाजूला हवा किंवा नायट्रोजन. पाणी फुगलं की पडदा दबतो, आकसलं की परत येतो. उशी म्हणा.

वर्षांमागून वर्षं हवा हळूहळू कमी होते, सायकलच्या चाकासारखी. उशी संपली की फुगलेल्या पाण्याला जागाच नाही, काटा सरळ ३ ला, सेफ्टी व्हॉल्व्ह उघडतो, लिटर-दोन लिटर बाहेर. मग रात्री गार झाल्यावर तेवढं पाणी कमी, काटा शून्य. सकाळी तुम्ही भरता, परत तेच. आणि उशी नसली की मगाचचा हिशोबही उलटतो, दीड लिटरऐवजी थोडंसं पाणी गेलं तरी काटा धाडकन पडतो.

तपासायचं कसं, तर व्हेसलवर सायकलच्या ट्यूबसारखाच व्हॉल्व्ह असतो. टोपण काढून आतली पिन क्षणभर दाबा. पाणी आलं तर पडदा फाटलाय, व्हेसल बदलायचा, हवा भरून उपयोग नाही. हवा नुसती हलकेच फुस्स झाली किंवा काहीच आलं नाही तर हवा कमी आहे, ती भरता येते. पण भरायच्या आधी बॉयलर गार करून सर्किटचं प्रेशर शून्यावर आणावं लागतं आणि पाणी निघायला वाट उघडी ठेवावी लागते, नाहीतर पंपाचा काटा पाण्याचंच प्रेशर दाखवतो आणि तुम्हाला वाटतं भरलेलंच आहे. किती भरायचं ते मॅन्युअलमध्ये असतं, घरगुती बॉयलरला बहुधा ०.७५ ते १ बार. व्हेसल बाहेर असेल तर काटा असलेल्या साध्या पायपंपानेही होतं. बॉयलरच्या कव्हरच्या आत असेल तर प्रश्न १८ वाचल्याशिवाय स्क्रू काढू नका.

१०. बाहेर भिंतीतून आलेल्या पाइपातून थेंब पडतायत, तो कसला पाइप?

तो सेफ्टी व्हॉल्व्हचा. बहुधा तांब्याचा, १५ मिलिमीटरचा, तोंड खाली किंवा भिंतीकडे वळवलेलं. तो कायम कोरडा असायला हवा. (प्लॅस्टिकचा पाइप असेल आणि बॉयलर चालू असताना टपकत असेल तर तो कंडेन्सेटचा, त्यातून पाणी येणं बरोबरच आहे, प्रश्न १३.)

रात्री थेंब पडतात का हे बघायला एक छोटी प्लॅस्टिकची पिशवी त्याच्या तोंडाला सैल बांधा, सकाळी पाणी दिसलं तर सापडला चोर. पाइप बंद मात्र कधीच करायचा नाही, बूच मारायचं नाही, "तेवढं गळणं थांबेल" म्हणून टेप लावायची नाही. तो शेवटचा बचाव आहे, आणि तिथून येणारं पाणी उकळतं असू शकतं, म्हणून पिशवी बांधताना बॉयलर बंद.

व्हॉल्व्ह एकदा उघडला की सीटवर गाळाचा कण अडकतो आणि नंतर तो पूर्ण बसत नाही. तेव्हा व्हॉल्व्ह बदलावा लागतो. पण तो मुळात कशामुळे उघडला ते आधी शोधा. व्हेसल न बघता नुसता व्हॉल्व्ह बदलला तर नवा व्हॉल्व्ह महिन्याभरात परत गळतो आणि दोष नव्या व्हॉल्व्हला जातो.

११. फक्त हीटिंग चालू असतानाच उतरतं किंवा फक्त बंद असतानाच, याला काही अर्थ आहे का?

भरपूर. चार-पाच दिवस बॉयलरशेजारी कागद चिकटवा आणि पेन बांधून ठेवा. सकाळी थंड असताना एक आकडा, रात्री पूर्ण गरम असताना एक आकडा, एवढंच. घरात कुणी हसलं तरी चालेल, आमच्याकडे हसले.

गरम असताना खूप चढून मग थंड झाल्यावर रोज थोडं कमी दिसत असेल तर व्हेसल आणि सेफ्टी व्हॉल्व्ह. गरम आकडा ठीक, पण रोज सकाळी सारखंच थोडं थोडं कमी, तर कुठेतरी साधा पाझर. हीटिंग बंद असलेल्या दिवशीच उतरतं आणि चालू दिवशी नाही, तर थंडीत उघडणारा सांधा. आणि आठवडाभर हललं नाही, मग एका दिवसात अर्धा बार गेलं, तर त्या दिवशी कुणी रेडिएटर ब्लीड केला का ते घरात विचारा आधी.

१२. लीक बॉयलरच्या आत आहे की घरातल्या पाइपांत, हे मेकॅनिक न बोलावता कळेल का?

बऱ्याचदा हो. बॉयलर बंद करून पूर्ण गार होऊ द्या, चार-पाच तास तरी, कारण कोमट असताना सुरू केलं तर गार होताना काटा आपोआप उतरतो आणि तुम्ही उगाच दचकता. मग १.५ पर्यंत भरा, फिलिंग लूप सोडवून ठेवा. बॉयलरखाली हीटिंगचं जाणारं आणि येणारं असे दोन मोठे पाइप असतात, त्यांचे व्हॉल्व्ह बंद करा. रात्रभर तसंच. बॉयलर चुकूनही चालू होता कामा नये, त्याचा मेन स्विचच बंद ठेवा आणि वर चिठ्ठी लावा.

सकाळी काटा उतरला असेल तर पाणी बॉयलरच्या आतून जातंय. काटा तिथेच असेल तर आता दोन्ही व्हॉल्व्ह उघडा. उघडताक्षणी काटा पडला, तर रात्रभरात पाइपांच्या बाजूचं प्रेशर गेलेलं होतं, लीक घरात. जुने व्हॉल्व्ह कधी कधी पूर्ण बंद होत नाहीत, तेव्हा निकाल अर्धवट येतो, एका रात्रीवरून शपथ घेऊ नका.

१३. मला सांगितलंय की मेन हीट एक्स्चेंजरच फुटलाय. खरं मानू?

मानण्याआधी दोन गोष्टी करा. एक, प्रश्न १२ ची टेस्ट. दोन, कंडेन्सेटचा पाइप बघा. कंडेन्सिंग बॉयलर चालू असताना धुरातल्या वाफेचं पाणी होतं आणि ते या पाइपातून जातं. बॉयलर कित्येक तास बंद आहे तरी तिथून थेंब येतच असतील, तर ते सर्किटचं पाणी आहे, एक्स्चेंजरला भोक पडलंय ही शंका खरी. असा लीक घरात कुठेच दिसत नाही, पाणी सरळ नाल्यात, म्हणून लोक महिनोन्महिने फसतात.

पण मलाही एकाने पाच मिनिटांत, काट्याकडे एकदा बघून, एक्स्चेंजर गेला म्हणून सांगितलं होतं आणि नव्या बॉयलरचं कोटेशनही खिशातून काढलं होतं. निघालं काय ते प्रश्न ८ मध्ये लिहिलंय.

१४. माझं उलटं आहे, प्रेशर आपोआप वाढतंय

फिलिंग लूपचा व्हॉल्व्ह किंचित उघडा राहिला असेल. नळी सोडवा आणि दिवसभर बघा. वाढणं थांबलं तर तेच. नळी सोडवूनही थंड असताना वाढत असेल आणि तुमचा बॉयलर नळालाही गरम पाणी देणारा असेल, तर आतल्या प्लेट एक्स्चेंजरला (नळाचं पाणी गरम करणाऱ्या भागाला) फट पडली असणार. नळाच्या पाण्याचं प्रेशर हीटिंगपेक्षा बहुधा जास्त असतं त्यामुळे ते हीटिंगमध्ये घुसतं. मग ३ बार, सेफ्टी व्हॉल्व्ह, थेंब, आणि माणसाला वाटतं लीक आहे.

१५. पाणी भरलं तरी काटा हलत नाही. किंवा काटा कायम १.५ वरच, काहीही करा

काटा अडकलाय. डायलला जाणारी बारीक नळी गाळाने तुंबते किंवा सेन्सर जातो. काटा हलत नाही म्हणून भरत राहू नका, आत ३ बार झालेले असतील. वरच्या मजल्यावरच्या रेडिएटरचा ब्लीड स्क्रू किंचित उघडा, पाणी जोरात आलं तर आत प्रेशर आहे. नुसती हवा आत ओढली गेली तर खरंच नाहीये.

१६. पाइप फरशीखाली आहेत किंवा फ्लोअर हीटिंग आहे. फरशी फोडू का?

आधी फोडू नका. फ्लोअर हीटिंगमध्ये प्रत्येक खोलीचं वेटोळं मॅनिफोल्डवर (सगळी वेटोळी जिथे येऊन जोडलेली असतात तिथे) वेगळं बंद करता येतं. एकेक बंद करून एकेक दिवस काटा बघा, कुठलं बंद केल्यावर उतरणं थांबतं ते सापडलं की निम्मं काम झालं. मग थर्मल कॅमेऱ्यात गळणारी जागा पसरट गरम डागासारखी दिसते, पण फरशी जाड असेल तर डाग इतका मोठा असतो की नेमकी जागा कळत नाही. अशा वेळी सर्किट रिकामं करून त्यात ५ टक्के हायड्रोजन आणि ९५ टक्के नायट्रोजनचं मिश्रण भरतात, ते पेटत नाही, फरशीतून वर येतं आणि वरून यंत्राने हुंगून जागा सांगता येते. हे त्याच कामाचा माणूस करतो. एरवी चप्पल न घालता चालताना पायाला एकच फरशी उगाच गरम लागते का तेही बघा, एका मैत्रिणीच्या घरी लीक त्यांच्या मांजरीने शोधला होता, रोज त्याच एका फरशीवर झोपायची.

१७. लीक बंद करायचं केमिकल मिळतं, ते घालू?

बारीक पाझर असेल आणि जागा सापडतच नसेल, तर शेवटचा उपाय म्हणून. सांध्यातला केसाएवढा पाझर ते भरू शकतं. फाटलेला व्हेसल, गळणारा सेफ्टी व्हॉल्व्ह यावर शून्य उपयोग, आणि लोक नेमकं तिथेच घालतात. आत आधीच गाळ असेल तर तो आणि केमिकल मिळून नको तिथे बसू शकतं. बॉयलर वॉरंटीत असेल तर कंपनीला विचारल्याशिवाय बाटली उघडूही नका. मी घातलं नाही, मला पटत नाही, पण घालून सुखी झालेले लोकही भेटलेत.

१८. मी स्वतः काय करू शकते आणि कुठे थांबायचं?

काटा वाचणं, पाणी भरणं, ब्लीड करणं, टिश्यू लावणं, रेडिएटरचा नट पाव फेरा आवळणं, प्रश्न १२ ची टेस्ट, बाहेरच्या व्हेसलची हवा, हे आपलं. बॉयलरचं पुढचं कव्हर उघडणं आपलं नाही. बऱ्याच बॉयलरमध्ये ते कव्हर म्हणजेच ज्वलनाच्या कप्प्याचं सील असतं, ते नीट परत बसलं नाही तर कार्बन मोनॉक्साइड घरात येऊ शकतो, त्याला वास नसतो, रंग नसतो. डिटेक्टर लावलेला असायलाच हवा, पण डिटेक्टर आहे म्हणून कव्हर उघडायचं असं नाही. पाणी वायरिंगच्या जवळ गळत असेल तर मेन स्विच बंद करून सरळ फोन.

१९. दोन आठवडे बाहेर होतो, आलो तर काटा शून्य आणि घर बर्फ

घाईघाईने भरून चालू करू नका. प्रेशर नसल्यामुळे बॉयलर लॉक झाला असेल तर त्याची गोठण्यापासून वाचवणारी सोयही चाललेली नसते, म्हणजे एखादा पाइप गोठून फुटलेला असू शकतो. गोठलेला असेपर्यंत फट बर्फानेच बंद असते, वितळली की धार लागते. आधी खोल्या दुसऱ्या कशाने तरी उबदार करा, सगळे पाइप डोळ्यांनी बघा, मग थोडं भरा, ०.५ पर्यंत, अर्धा तास थांबा, मग पुढे.

२०. मेकॅनिकला फोनवर काय सांगू? "प्रेशर जातंय" म्हटलं की ते नुसतं हं म्हणतात

कारण त्या दोन शब्दांत काहीच नसतं. प्रश्न ११ चा कागद समोर धरा आणि वाचून दाखवा. "थंड असताना १.३, गरम झाल्यावर २.९, दुसऱ्या सकाळी ०.४, बाहेरच्या तांब्याच्या पाइपाला बांधलेल्या पिशवीत कपभर पाणी, रेडिएटर सगळे कोरडे, व्हेसलची पिन दाबली तर काहीच आलं नाही." मी दुसऱ्या हिवाळ्यात असं सांगितलं तेव्हा पलीकडून दोन सेकंद शांतता, मग तो म्हणाला, येतो, आणि येताना पंप आणि नवा सेफ्टी व्हॉल्व्ह घेऊनच आला.